पेव

आमच्या आणि अक्कांच्या घरांच्या मधे भिंत नाही, वई आहे. तुराट्या, बाभळीच्या काट्या, अधूनमधून घायपात, आणि जागोजाग अक्कांच्या जुन्या लुगड्याच्या चिंध्या. मधोमध, जिथं जमीन जराशी बसकी आहे, तिथं ही वई दर पावसाळ्यात दबते. दिवाळीच्या आधी आम्ही नव्या तुराट्या खोचून ती वर उचलतो, पण पुरती बुजवत नाही. त्या खिंडीतून विरजण तिकडं जातं, कढीपत्ता इकडं येतो, आणि अख्ख्या गोरेगावच्या बातम्या दोन्हीकडं.

गेले आठ-दहा दिवस खिंड मुकी होती. अक्का चांद्याला गेल्या होत्या, महाकालीला. चैत्र पौर्णिमेला आपल्याकडून, हिंगोली-परभणी-नांदेडातून, माणसं ट्रक, टेम्पो, रेल्वे, मिळेल त्यानं तिकडं निघतात. चंद्रपूर हे नाव सरकारी कागदावर. यात्रेकरूंच्या तोंडी अजून चांदाच. अक्कांचं तिथं आणखी एक ठिकाण आहे. त्यांचे धाकटे दीर तिथं राहतात. आमच्या आळीत त्यांना नावानं कोणी ओळखत नाही. ते 'कालरीवाले काका'. कालरी म्हणजे कॉलरी, कोळशाची खाण.

सकाळी मी अंगणात हळकुंडं निवडत बसले होते. वईपलीकडून बांगड्या वाजल्या.

"हायेस का गं घरात?"

"आलात? कधी?"

"काल रात्री. नंदिग्रामनं नांदेड, तिथून यष्टी. कंबर राहिली न्हाई माय."

"दर्शन झालं?"

"झालं की. पहाटं तीनला रांगेत उभी राहिले. झरपटीत आंघोळ केली. आंघोळ कसली, पाय बुडवले. पाणी कुठाय त्या नदीला? त्या राजाच्या अंगावरची खांडकं म्हणे त्या पाण्यानं बरी झालती. आता उतरलं तर हाय ते अंग बिघडायचं."

खांडक्या बल्लाळशाची ही गोष्ट अक्का दर वर्षी सांगतात. गोंड राजा, अंगभर गळवं, शिकारीला गेला, झरपटीच्या कोरड्या पात्रातल्या खळग्यात हात-पाय धुतले, आणि सकाळी बघतो तर अंग साफ. मग तिथंच चांदा वसलं, परकोट उठला. पुढं राणी हिराईनं महाकालीचं देऊळ बांधलं. अक्का सांगतात तेव्हा हिराई त्यांच्या नात्यातली वाटते.

"आणि कालरीवाले काका काय म्हणतात?"

अक्कांनी पदरानं मान पुसली.

"भावजी बरे हायत. पण कालरी न्हाई राहिली."

"म्हणजे? बंद पडली?"

"ती कधीच पडली. पण गाव तरी हाय का, तर तेबी दिसंना. स्टेशनवर आटोवाल्याला म्हणलं, बाबा लालपेठ कालरीला सोड. इवलं पोरगं. म्हणतंय, 'आजी, कालरीत कुठं? नगर कोणतं?' आता मला काय ठावं नगर? मी पन्नास वर्सं तिथं जायलेय, भोंगा वाजला का त्या अंगाला चालायचं, एवढंच मला ठावं."

"मग पोचलात कशा?"

"त्या पोराच्या आज्याला फोन लावला त्यानं. आजा कालरीतच होता म्हणून बरं. न्हाईतर मी अजुक फिरत असते."

एवढ्यात समोरच्या ओट्यावर पेपर खाली आला. आमच्या आळीत गप्पांचा आवाज एका मापाच्या वर गेला की मास्तरांचा पेपर खाली येतो. मास्तर भूगोल शिकवायचे. निवृत्त होऊन वीस वर्षं झाली, पण नकाशा काही त्यांनी खाली ठेवला नाही.

"वहिनी, तुम्ही ज्याला कालरी म्हणता ते आता चंद्रपूर महापालिकेचं टोक आहे. 2011 ला महापालिका झाली."

"तुमाला कुणी इचारलं मास्तर? चहा घेतला का?"

"घेतला."

"मंग बसा इकडं. भूगोल न्हाई, इतिहास सांगा. ह्या पोरीला कायी ठावं न्हाई." मी पंचेचाळिशीची. अक्कांच्या लेखी पोरगीच.

मास्तर खुर्ची घेऊनच आले. वईच्या खिंडीसमोर ठेवून बसले, जणू इकडच्या आणि तिकडच्या दोन्ही वर्गांना एकाच वेळी शिकवायचंय.

"हे बघ," ते मला म्हणाले, "चांद्याच्या कोळशाची सुरुवात चांद्याला नाही झाली. वरोऱ्याला झाली."

"आनंदवनाचं वरोरा?"

"तेच. बाबा आमटे फार नंतरचे. त्यांच्या आधी ऐंशी वर्षं वरोरा ओळखलं जायचं ते खाणीसाठी. 1871 ला इंग्रज सरकारनं तिथं खाण काढली. सरकारनं स्वतः, कुठल्या कंपनीनं नाही. आणि त्या कोळशासाठी वर्ध्याहून वरोऱ्यापर्यंत रेल्वेचा फाटा टाकला. रूळ माणसांसाठी टाकले नाहीत, कोळशासाठी टाकले. माणसं नंतर बसली."

"आपल्याकडं उलटं," अक्का म्हणाल्या. "माणसं कवाची बसून हायत, रेल्वे न्हाई."

"1906 ला वरोऱ्याची खाण बंद झाली. काढण्यासारखा कोळसा संपला. पस्तीस वर्षं, बस. मग सरकार बल्लारपूरला सरकलं. रूळही मागून सरकले. आणि तोच फाटा वाढत वाढत 1929 ला खाली काझीपेठेला भिडला. आज दिल्लीची गाडी चेन्नईला जाते ना, ती त्या कोळशाच्या फाट्यावरून जाते."

"मंग वरोरा उठलं का? खाण संपल्यावर?" अक्कांनी विचारलं.

"नाही उठलं. बाजार होता, कापूस होता, तहसील होती. राहिलं."

"बघ," अक्का मला म्हणाल्या, "मी तेच म्हणायलेय. गाव उठत न्हाई. गावाचं नाव उठतं."

मास्तरांनी चष्मा काढला. हे त्यांच्या पुस्तकात नसावं.

चांदाही उठलं नाही, उलट वाढलं. मास्तरांनी आकडे सांगितले ते मी लक्षात ठेवले. 1901 च्या शिरगणतीत चांदा शहर अठरा हजारांच्या आत होतं. परकोटाच्या आतसुद्धा मोकळी रानं होती. 2011 ला तीन लाख वीस हजार. आणि ही वाढ परकोटाच्या चार दरवाजांतून बाहेर सांडली ती खाणींच्या दिशेनं: दक्षिणेला महाकाली कॉलरी, लालपेठ, बाबूपेठ, उत्तरेला दुर्गापूर. खाणी आधी शहराबाहेर होत्या. मधे शेतं, झुडपं, नाले. खाणीवरची वस्ती म्हणजे वेगळंच गाव. क्वार्टरांच्या रांगा, पगाराच्या दिवसाचा बाजार, दवाखाना, आणि बोली तर विचारू नका. तेलुगू, छत्तीसगढी, भोजपुरी, झाडीपट्टीची मराठी, आणि त्यात आमच्या गोरेगावचं एक पोरगं.

"कसे गेले हो काका तिकडं?" मला हे ठाऊक होतं. पण अक्कांना सांगायला आवडतं.

"बहात्तरचा दुस्काळ. मी नवी नवरी, दोन वर्सं झालती. घरात सासरे, सासू, आमी दोघं, भावजी आन् दोन नणदा. खडी फोडायला सगळे. सुकडी मिळायची ती खायाची. भावजी वीस वर्साचे. यात्रेला म्हणून गेले चैत्रात, त्र्याहत्तरला, ते आलेच न्हाईत. आठ दिवसांनी पोष्टकार्ड आलं. 'मी कालरीत लागलो. काळजी करू नये.' सासूबाई तीन दिवस रडल्या. त्यांना वाटलं कॉलरा झाला."

आम्ही हसलो. अक्काही हसल्या, पण त्यांचं हसू जरा उशिरा आलं.

"त्र्याहत्तर," मास्तरांनी बोट वर केलं. "बरोबर त्याच वर्षी 1 मे ला दगडी कोळशाच्या खाणी सरकारच्या झाल्या. आधी मालक खाजगी. पंचाहत्तरला नागपूरला डब्ल्यूसीएल झाली, वेस्टर्न कोलफील्ड्स. आणि गंमत बघा, 1 मे 1960 ला महाराष्ट्र, 1 मे 1973 ला कोळसा, आणि 1 मे 1999 ला आपला हिंगोली जिल्हा."

"परभणीतून हिंगोलीत आलो म्हणून पाऊस वाढला का?"

"नाही."

"मंग सोडा."

अक्कांनी वईवरून हात घालून माझ्या सुपातली चार हळकुंडं उचलली, एक मोडून बघितलं, आतला रंग पाहून मान हलवली.

"भावजी लोडर म्हणून लागले. टोपलीनं कोळसा डब्यात भरायचा. मंग शिकत शिकत सरदार झाले."

"सरदार?"

"माइनिंग सरदार," मास्तर म्हणाले. "ते पद असतं. परीक्षा असते. खाली जागा सुरक्षित आहे का ते बघून मगच माणसं कामाला लावायची, ही त्याची जबाबदारी."

"पगडी न्हाई, काठी असती," अक्का म्हणाल्या. "ती काठी अजुक हाय त्यांच्या दाराआड. खाली गेलं का आधी काठीनं छत ठोकायचं. भरीव आवाज आला, ठण्ण, तर चालतंय. पोकळ आला, भद्द, तर सगळ्यांना माघारी घ्यायचं. मी इचारलं, भावजी, तुमाला भीती न्हाई वाटली? म्हणाले, वहिनी, आवाज ऐकू यीस्तोवर भीती न्हाई. ऐकू येणं बंद झालं तर भीती."

मग अक्कांनी मला खाण समजावून सांगितली. मास्तरांनी मधे दोनदा तोंड उघडलं, पण अक्कांनी ते बंद केलं. खाण म्हणजे काय, तर पेव. आपल्याकडं जुन्या वाड्यांत असतं तसं. वरून तोंड एवढंसं, माणूस जेमतेम उतरंल, आणि आत पोटात शंभर पोतं जवारी. खाणीचं पेव मात्र कोसभर लांब. आत गल्ल्या काढायच्या, चौदा-पंधरा फूट रुंद, उभ्या आणि आडव्या, गावाच्या रस्त्यांसारख्या. मधे कोळशाचेच खांब ठेवायचे, चौकोनी, वाड्याएवढे. त्या खांबांवर वरचं सगळं: माती, झाडं, रस्ता, देऊळ. गल्ल्या काढून झाल्या की शेवटी खांब काढायचे, मागं सरकत सरकत. खांब काढला की छत बसतं. त्या बसलेल्या जागेला कालरीत 'गोफ' म्हणतात.

"मला वाटलं किस्नाचा गोफ," अक्का म्हणाल्या. "म्हणलं खाली नाचता का काय."

"आणि वर घरं असली तर?"

"तर खांब काढत न्हाईत. न्हाईतर पाण्यासंगं वाळू सोडून पोकळी भरतात. भरायची असती."

'असती' वर अक्कांनी जो जोर दिला त्यानं मास्तरही गप्प झाले.

मी आत जाऊन चहा टाकला. खिडकीतून दोघांचं बोलणं ऐकू येत होतं. चासनाळ्याचं चाललं होतं. 27 डिसेंबर 1975. धनबादकडची ती खाण पाण्यानं भरली आणि पावणेचारशेच्या आसपास माणसं आत राहिली. पुढं त्यावरूनच 'काला पत्थर' निघाला. रेडिओवर 'कोळसा खाण' एवढंच अक्कांच्या सासूबाईंनी ऐकलं आणि चूल पेटली नाही दोन दिवस. ना फोन, ना पत्ता नीट. सासऱ्यांनी तार केली. उत्तर आलं तेव्हा सासूबाईंनी ते पोष्टमनाकडून चार वेळा वाचून घेतलं. 'मी वेगळ्या खाणीत. ती हजार कोस लांब.'

"हजार कोस नसेल," मास्तर म्हणत होते.

"मास्तर, त्या दिवशी हजारच होतं."

चहा खिंडीतून तिकडं गेला. अक्कांनी बशीत ओतला.

"तर मी काय सांगत व्हते, लालपेठ. आता तिथं काय काय हाय माहितीय? शिकवणीचे क्लास. जिम. दाताचा दवाखाना. मंगल कार्यालय, त्याला एशी. बायका सकाळी बूट घालून चालतात, कुठं जायचं न्हाई तरी. भावजीची सून बँकेत, पोरगा शहरात दुकानावर. सगळे सकाळी शहरात जातात, रात्री झोपायला येतात. आधी शहरातली माणसं कामाला कालरीत यायची. आता कालरीतली शहरात जातात."

"यालाच उपनगर म्हणतात," मास्तर म्हणाले.

"मंग आपलं गोरेगाव कवा होणार उपनगर?"

"ते मुंबईचं झालंय."

हा आमच्या गावाचा जुना घाव. मुंबईला गोरेगाव, रायगडात गोरेगाव, गोंदियाला तर अख्खा तालुका गोरेगाव, आणि सेनगाव तालुक्यातलं आम्ही. मागच्या वर्षी माझ्या मुलीनं मागवलेला ड्रेस महिनाभर मुंबईच्या गोरेगावात फिरून आला. आला तेव्हा तिला आखूड झाला होता.

"भोंगा वाजतो का अजून?" मी विचारलं.

अक्कांनी बशी खाली ठेवली.

"न्हाई वाजत. आधी तीन पाळ्यांचे भोंगे. त्यावर बायांची चूल पेटायची, लेकरं शाळेत जायची, म्हातारे गोळी घ्यायचे. आता जाऊबाई म्हणती, घड्याळ बघावं लागतंय. आन् सकाळचा धूर न्हाई. घरपती कोळसा मिळायचा पहिलं, कामगाराला. दारापुढं ढीग पेटवून आधी त्याचा धूर काढायचा, मंग तो पक्का कोळसा शेगडीला. सकाळी अख्खी लाइन धुरात. मी पहिल्यांदा गेले तवा म्हणलं आग लागली. आता सगळ्यांकडं गॅस."

"धूर गेला असं नाही वहिनी," मास्तर म्हणाले. "वर गेला. शेगडीतून चिमणीत. दुर्गापूरचं औष्णिक केंद्र 2920 मेगावॅटचं आहे. आपल्याकडं रात्री बल्ब लागतो त्यात चांद्याचा कोळसा असतो. 2009 ला केंद्र सरकारनं देशातल्या प्रदूषित औद्योगिक भागांची क्रमवारी काढली, त्यात चंद्रपूर चौथं आलं. 83.88 गुण."

"माझा नातू तेवढ्या गुणात पास व्हईना."

पण कोळसा संपला म्हणून भावजींची खाण बंद झाली असं नाही, हे मास्तरांनी आम्हाला नीट सांगितलं. आत उतरून, खांब राखून, वाळू भरून कोळसा काढायला खर्च फार. त्यापेक्षा वरची माती सोलून उघडी खाण करायची, मोठमोठी यंत्रं लावायची, तो कोळसा स्वस्त पडतो. म्हणून एकेक भूमिगत खाण बंद होत गेली आणि उघड्या खाणी पसरत गेल्या. सोललेल्या मातीचे डोंगर तिथं उभे आहेत. चंद्रपूरला डोंगर नव्हते, ते आता आहेत.

"त्या ढिगांवर झुडपं वाढली," अक्का म्हणाल्या, "आन् झुडपात कोण ऱ्हातंय माहितीय? वाघ. खोटं न्हाई. बिबट्या तर कुत्र्यासारखा फिरतो दुर्गापुराकडं. लेकरं उचलली त्यानं. म्हणून संध्याकाळी बाया अंगणात बसत न्हाईत. उपनगर म्हणे!"

2022 च्या फेब्रुवारीत त्या औष्णिक केंद्राच्या आवारात वाघानं एका कामगाराला मारलं होतं आणि लगेच दुर्गापुरात बिबट्यानं एका मुलाला नेलं होतं. मला ती बातमी आठवली. दाताचा दवाखाना, जिम आणि बिबट्या एकाच पिनकोडात.

मग अक्का खाली वाकल्या, आवाज कमी केला. आवाज कमी झाला म्हणजे खरी बातमी आता.

"भावजीच्या पोरानं प्लाट घेतला."

"कुठं?"

"तिकडंच, कालरीच्या पल्याड. जुन्या कामाच्या वर. दलालानं नकाशा दाखवला, रस्ता, नाली, बगीचा. आगाऊ रक्कमबी दिली. बापाला इचारलं न्हाई. घरात म्हणे सांगितलं थेट बोर्ड लावल्यावर. भावजी उठले, दाराआडची काठी घेतली, चालत गेले त्या प्लाटावर. सुनेला वाटलं पोराला मारायला निघाले. मी मागं पळाले. बघती तर म्हातारा उन्हात उभा, जमीन ठोकायलाय. इकडं ठोक, तिकडं ठोक. आजूबाजूचे लोक बघायलेत. पोरगं लाजेनं मेलं."

"मग?"

"म्हणाले, वरून काय कळतंय? आतून ठोकलं तर कळतं. मी आत असतो तर सांगितलं असतं. आन् तिथंच बसले. म्हणाले, ह्याच्या खाली मी सात वर्सं होतो. खांब कुठं ठेवले, कुठं काढले, मला पाठ हाय. तुझा बगीचा गोफावर हाय."

मास्तरांनी हळूच विचारलं, "घुग्घुसचं ठाऊक आहे ना त्यांना?"

"ठावं म्हणजे? त्यांचा जोडीदार ऱ्हातो तिकडं."

घुग्घुस चांद्याजवळचंच खाणीचं गाव. 2022 च्या ऑगस्टमधे तिथल्या अमराई वॉर्डात एक उभं घर जमिनीत गेलं. पडलं नाही, गेलं. खाली खोल खड्डा आणि वर पत्रेसुद्धा दिसेनात. घरातली माणसं वेळेवर बाहेर पडली म्हणून वाचली. खाली जुनी भूमिगत खाण होती. आजूबाजूची कुटुंबं तिथून हलवावी लागली.

"टीव्हीवाले म्हणत होते भूस्खलन," अक्का म्हणाल्या. "भावजी म्हणाले, पेव फुटलं. दुसरं काय."

आता हा शब्द मी रोज वापरते. मोबाइलच्या दुकानांचं पेव फुटलं, इंग्रजी शाळांचं पेव फुटलं. सेनगाव रस्त्याला प्लॉटिंगचं पेव फुटलंय असं मी परवाच कोणाला तरी म्हणाले होते. म्हणजे खूप झालं, जिकडंतिकडं झालं. पेव फुटतं म्हणजे जमीन खाली जाते हे माझ्या डोक्यातच नव्हतं. लालपेठेच्या पलीकडं दोन्ही पेवं एकावर एक आहेत: वर प्लॉटांचं, खाली खाणीचं. वरचं फुटायला लागलं की लोक पेढे वाटतात.

"इंग्रजांचं काय झालं पण?" अक्कांनी मास्तरांना विचारलं. "त्यांनीच सुरू केलं ना हे?"

"त्यांनी स्वतःच्या देशात संपवलं. 30 सप्टेंबर 2024 ला त्यांचं कोळशावरचं शेवटचं वीजकेंद्र बंद झालं. आता तिकडं कोळशाची वीज नाही."

"सुरू करणारा उठून गेला, आन् आपण बसलो व्हय पंगतीला?"

"आपल्याला अजून वीज लागते वहिनी. तुमच्या मोटारीला रात्री बारा वाजता लागते."

अक्का गप्प बसल्या. रात्री बारा वाजता हळदीला पाणी द्यायला त्यांचाच मुलगा उठतो.

ऊन अंगणात उतरलं. मी सूप सावलीला ओढलं. अक्कांनी कनवटीची पुरचुंडी सोडली आणि खिंडीतून माझ्या हातावर एक खडा ठेवला. काळा, चकचकीत, सुपारीएवढा, एका बाजूला आरशासारखा सपाट. हातात घेतला तर दगडापेक्षा हलका. बोटं मात्र लगेच काळी, आणि हळदीनं पिवळी झालेली होतीच.

"हे कशाला?"

"तुझ्या दारावरच्या लिंबू-मिरचीला बांध. बिब्ब्याजवळ."

"वहिनी, दृष्टीला लाकडी कोळसा लागतो," मास्तर म्हणाले. "हा दगडी."

"दृष्ट काय भूगोल शिकलेली असती का?"

मास्तर खुर्ची उचलून परत निघाले. जाताना थांबले. "आणि प्लॉटचं काय झालं शेवटी?"

"आगाऊ रक्कम बुडली. पोरगं बापाशी बोलंना. सून म्हणती, मामंजी सठिया गये. जाऊबाई माझ्याजवळ रडल्या. मी दोन दिवस जास्त राहिले ते त्यासाठीच. निघायच्या दिवशी भावजी म्हणाले, वहिनी, गोरेगावला मला अजुक कालरीवाला म्हणतात ना? म्हणलं, हाव. म्हणाले, बरं झालं. इथं मला समदे हिंगोलीवाला म्हणतात."

मास्तर काही बोलले नाहीत. पेपर पुन्हा वर गेला.

वईपलीकडं अक्कांच्या मुलानं फक्की मारून ठेवली होती. नवी खोली काढायची आहे, नातवाचं लग्न ठरायला लागलंय. फक्कीची पांढरी रेघ थेट वईच्या खिंडीपर्यंत आली होती, बसक्या जागेवरून. अक्का उठल्या. कोपऱ्यातली मुसळाची लांब दांडी घेतली आणि रेघेवर जाऊन उभ्या राहिल्या. एकदा ठोकलं. दोन पावलं सरकून पुन्हा ठोकलं. खिंडीजवळ आल्यावर तिसऱ्यांदा. मला आवाजातला फरक कळला, म्हणजे कळला असं वाटलं.

"काय करताय अक्का?"

"आमचं पेव हाय हे."

"इथं?"

"बहात्तरला सासऱ्यांनी शेवटची जवारी ह्यातनं काढली. दोन पोतं, तीबी कुबट. मंग तोंडावर फरशी टाकली, वर माती लोटली. भरलं कुणीच न्हाई. भरायला काय होतं आमच्याकडं? त्याच दुस्काळात, ते रिकामं झालं आन् भावजी तिकडच्या पेवात उतरले."

त्यांनी पायानं फक्कीची रेघ पुसली, चार हात मागं सरकून दांडीनं मातीत नवी ओढली. वाकडी आली. पुन्हा ओढली.

"लेकाला काय सांगणार?"

"काय सांगायचं? काठी देईन हातात, ठोक म्हणंन." अक्का खिंडीशी आल्या, रिकामी कपबशी माझ्याकडं दिली. "तू सून होऊन आलीस तवा इचारलं व्हतंस ना मला, दोन्ही घरात भिंत कामून न्हाई म्हणून?"

"तुम्ही म्हणालात, शेजारधर्म."

"व्हय, तेबी हाय. पण पेवावर भिंत घालत न्हाईत माय. वईच बरी."